आठ जणांच्या गाडीतून मीठ बघायला

माझा स्वभाव तापट आहे हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी म्हणायला नको. तीस वर्षं मी पनवेलच्या शाळेत भूगोल शिकवला. भूमध्य समुद्र फळ्यावर इतक्यांदा काढलाय की आजही डोळे मिटून सिसिलीचं बेट काढून दाखवीन आणि वर पालेर्मो बंदराचा ठिपकाही बरोबर जागी देईन. पण त्या पालेर्मोला उतरून, आठ जणांच्या गाडीत बसून, दीड तास हाडं खिळखिळी करून मी काय बघणार आहे, हे काही मला भूगोलाने सांगितलं नव्हतं. मीठ! आम्ही मिठागर बघायला गेलो. आमच्या सासरच्यांनी पिढ्यान् पिढ्या जे पिकवलं, तेच.

पण असं मधूनच सांगून चालणार नाही. आधी मिठाच्या पिंपाचं सांगते.

आमच्या सासऱ्यांचं, म्हणजे बाबांचं, मिठाचं आगर द्रोणागिरीकडे होतं. पंधरा वर्षांपूर्वी तिथलं शेवटचं पीक निघालं आणि जमीन गेली. आता तिथे गोदामं आहेत, कंटेनर उभे असतात. जमीन जायच्या आदल्या आठवड्यात बाबांनी तीन पोती मीठ टेम्पोत घातलं आणि नवीन पनवेलच्या आमच्या दुसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये आणलं. गॅलरीत तीन निळी पिंपं उभी राहिली. पावसाळ्यात त्या मिठाला पाणी सुटायचं, ते खालच्या बाईंच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर ठिबकायचं, आणि त्या बाई दर श्रावणात न चुकता आमच्याशी भांडायला वर यायच्या. गॅलरीचा कठडा गंजून दोनदा बदलला. पण पिंपं हलली नाहीत. घरात त्या मिठाशिवाय दुसरं मीठ शिजत नव्हतं. पिशवीतलं पांढरं बारीक मीठ बाबा खात नसत. म्हणायचे, "ती पावडर हाय. तोंडाला लावायची ती."

त्या आगराबद्दल ते कधी चकार शब्द काढत नसत. उरणच्या रस्त्याने जायचं झालं आणि ती गोदामं आली, की बाबा गाडीत झोप लागल्याचं सोंग घेत. गोदामं मागे पडली की बरोबर जाग येई. मी एकदा विचारलं, "बाबा, झोप झाली का?" तर म्हणाले, "झाली, बाय." मी पुन्हा कधी विचारलं नाही.

दोन पिंपं संपली, तिसरं तळाला गेलं. गेल्या पावसाळ्यात मी खरवडून खरवडून काढलं तेव्हा एक स्टीलचा डबा भरला, बस्स. आणि मी रोज चिमटी मोजायला लागले. कारण बाबांचं जेवण आधीच चिमणीएवढं झालं होतं. सासूबाई गेल्यापासून सदरे खांद्यावरून ओघळायला लागले होते. त्यात मी शहाणपणा केला. बाजारातून खडेमीठ आणलं, थोडं पाण्याचा हात लावून ओलसर केलं, डब्यात भरलं आणि खरं मीठ फळीवर लपवून ठेवलं, पुरवून पुरवून वापरायचं म्हणून. बाबांनी आमटीचा पहिला घोट घेतला. वाटी खाली ठेवली. माझ्याकडे बघितलं आणि उठले. दोन दिवस नुसत्या चहावर होते, आणि चहात मीठ लागत नाही म्हणून तेवढा तरी घेतला. तिसऱ्या दिवशी मी मुकाट्याने डबा बदलला. तेव्हा कळलं, हा डबा संपला की हा माणूस पानावरून उठेल तो पुन्हा बसायचाच नाही. मला भीती वाटत होती, सरळ सांगते.

त्या डब्यात तळाला एक पुरचुंडी होती. मूठभर मीठ, सासूबाईंच्या जुन्या लुगड्याच्या तुकड्यात बांधलेलं. त्याला हात लावायचा नाही अशी सक्त ताकीद होती. आमच्या घरची रीतच तशी: हंगाम सुरू झाला की पहिल्या दिवशी गेल्या वर्षीचं मूठभर मीठ नव्या वाफ्यात टाकायचं. दह्याला विरजण लावतात तसं. त्याशिवाय मीठ धरत नाही असं बाबांचं ठाम मत. मी एकदा त्यांना बाष्पीभवन समजावून सांगायला गेले होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "ते हायच. पन विरजान लागतंच." आता टाकायला वाफा नव्हता, तरी मूठ ठेवलेली होती.

आणि अशात आमच्या ह्यांना बोटीवर जायची हुक्की आली.

आमचे हे म्हणजे कळंबोलीच्या लोखंड बाजारात पस्तीस वर्षं गाळा चालवून नुकतेच घरी बसलेले. घरी बसलेल्या माणसाला काहीतरी सुचतंच. त्यांच्या एका मित्राने भूमध्य समुद्रातली मोठ्या बोटीची सहल करून आल्यावर आम्हाला जेवायला बोलावून सलग तीन तास फोटो दाखवले होते. प्रत्येक फोटोत एक प्रसिद्ध इमारत आणि तिच्यासमोर तो मित्र. ह्यांनी तिथेच ठरवलं, की आपणही जायचं, पण सगळे जातात तिथे नाही. "कुणाला माहीत नसलेली ठिकाणं बघायची. म्हणजे फोटो दाखवले की लोकांनी विचारलं पाहिजे, हे कुठं आहे हो?"

बाबांना एकटं ठेवणार कुठे? ते म्हणाले, "मी नाय येनार. बोटीवर कोली जातात. आमी आगरी. आमचं काम काठावर." मी म्हटलं, "बाबा, बोटीवर आठ दिवस तुमच्या चारी बाजूंनी खारं पाणी असेल." ह्यावर ते जरा विचारात पडले आणि तयार झाले. डबा मात्र सोबत येणार, ही अट.

बोटीच्या दारातच डबा अडला. तपासणीच्या यंत्रात पांढरे ओलसर खडे आणि तळाला कापडात बांधलेली पुरचुंडी दिसल्यावर तिथला रखवालदार आमच्याकडे अशा नजरेने बघायला लागला, की आमचे हे लगेच चार पावलं बाजूला जाऊन उभे राहिले. नवरा! मी इंग्रजीत समजावत होते तोवर बाबांनी डबा उघडला, चिमूट उचलून स्वतःच्या जिभेवर ठेवली, आणि डबा त्याच्यापुढे टेबलावर सरकवला. हातात दिला नाही हं. मीठ कधी कुणाच्या हातात द्यायचं नाही, भांडण होतं. खाली ठेवायचं, समोरच्याने उचलायचं, हे आमच्याकडे पोरांनाही माहीत असतं. त्या उंच माणसाने बोट बुडवलं, चाटलं, तोंड वाकडं केलं आणि आम्हाला जा म्हणाला.

बोटीवर बाबांनी पहिल्या दिवशी वरच्या मजल्यावरच्या पोहण्याच्या टाकीतलं पाणी चाखून बघितलं. ते समुद्राचंच होतं. मग रोज सकाळी तिच्या काठावर उभं राहून उन्हाकडे बघायचे, पाण्याकडे बघायचे आणि आत डुंबणाऱ्या गोऱ्या लोकांकडे बघून चुकचुकायचे. "केवढं चांगलं पानी हाय. आनि ह्ये त्यात उड्या मारतात." जेवणाच्या वेळी डबा टेबलावर यायचा. चौथ्या दिवशी मी हळूच झाकण उघडून बघितलं. दोन बोटं मीठ उरलं होतं, त्याखाली पुरचुंडी. घरी पोचेपर्यंत पुरणार नव्हतं. मला बोटीवरची ती सतरा प्रकारची मिष्टान्नं गोड लागेनात.

पाचव्या दिवशी पालेर्मो आलं.

आता इथे एक बारीक गोष्ट आहे. बोटीच्या स्वतःच्या बसने फिरायला गेलं आणि उशीर झाला, तर बोट थांबते. बाहेरची छोटी गाडी ठरवून गेलं आणि उशीर झाला, तर बोट हात हलवून निघून जाते. हे मी आमच्या ह्यांना तीनदा वाचून दाखवलं. साडेचारला दार बंद. पण त्यांनी पनवेलहूनच आठ जणांची गाडी ठरवून ठेवली होती. जाहिरातीत लिहिलं होतं: गर्दीपासून दूर, फार कुणाला ठाऊक नसलेल्या शुभ्र टेकड्या, गुलाबी तळी आणि जुन्या पवनचक्क्या. शुभ्र म्हणजे बर्फ, असं ह्यांनी गृहीत धरलं. नवे डोंगर चढायचे बूट घेतले. सप्टेंबरच्या उन्हात अंगात स्वेटर, गळ्यात मफलर. बाबांनाही कानटोपी घालायला लावली. मी भूगोलाच्या आधारे सांगून थकले की समुद्रसपाटीला बर्फ नसतो. म्हणाले, "तुझा भूगोल जुना झाला."

गाडीत आम्ही तिघं, एक ऑस्ट्रेलियाचं म्हातारं जोडपं, जपानच्या तीन मैत्रिणी आणि गाडी चालवत चालवत माहिती सांगणारी एक चुणचुणीत मुलगी. ह्यांच्या स्वेटरकडे सगळे अदबीने बघत होते. दीड तासाने गाडी त्रापानी नावाच्या गावाबाहेर समुद्राकाठी थांबली. दार उघडलं. वारा आला, आणि त्या वाऱ्याला जो वास होता तो मी लग्न होऊन सासरी आले त्या दिवसापासून ओळखते.

समोर बांध. बांधांमध्ये चौकोनी वाफे, काही गुलाबी, काही पांढरे. पलीकडे मिठाच्या राशी उन्हात लखलखत होत्या. त्यांच्या मागे एक मोडकी पवनचक्की. एवढंच काय ते नवीन.

"ह्या टेकड्या?" मी विचारलं.

आमचे हे मफलर काढायला लागले.

"अहो, ह्या टेकड्या? अर्धं जग ओलांडून तुम्ही मला मीठ दाखवायला आणलंत? उरणच्या एसटीत बसवलं असतं तरी दिसलं असतं!" ऑस्ट्रेलियाच्या बाई कौतुकाने हसत होत्या, त्यांना वाटलं मला फारच आवडलंय. मी ओरडत होते, पण खरं सांगू का, मी मिठावरून ओरडत नव्हतेच. माझा जीव बाबांसाठी टांगणीला लागला होता. जो माणूस गोदामं दिसू नयेत म्हणून पंधरा वर्षं झोपेची सोंगं करतो, त्याला ह्यांनी नेऊन थेट आगराच्या बांधावर उभं केलं होतं.

मी वळून बघितलं तर बाबा गाडीत नव्हते.

ते बांधावर पोचले होते. कानटोपी काढून खिशात घातलेली, पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली, चपला बांधावर शिस्तीत काढून ठेवलेल्या. आमची मार्गदर्शक मुलगी मागून पळत होती, आत जायला परवानगी नाही असं ओरडत. बाबांनी वाकून वाफ्यातल्या पाण्यात बोट बुडवलं, चाखलं, पचकन थुंकले. मग पुढच्या वाफ्यात, मग त्याच्या पुढच्या. तिसऱ्या वाफ्यापाशी एक म्हातारा लांब दांड्याच्या फळीने मीठ ओढत होता. बाबांच्याच वयाचा, बाबांसारखाच उन्हाने करपलेला, डोक्यावर चुरगळलेली टोपी. तो काम थांबवून बघायला लागला.

"ह्याला सांग," बाबा मला म्हणाले, "ह्यो वाफा तयार हाय. त्यो बाजूचा दोन दिवस थांब म्हनावं. घाई नको करू."

मी इंग्रजीत मुलीला सांगितलं, तिने इटालियनमध्ये म्हाताऱ्याला सांगितलं. म्हाताऱ्याने फळी खाली टेकवली. बाबांना वरून खाली न्याहाळलं. मग काहीतरी म्हणाला. मुलीने मला सांगितलं, "ते म्हणतात, मी माझ्या मुलालाही हेच सांगतोय, पण तो ऐकत नाही."

हे ऐकल्यावर बाबांनी मागे उभ्या असलेल्या आपल्या मुलाकडे, त्याच्या बुटांकडे आणि स्वेटरकडे बघितलं. "ह्याचापन तसलाच हाय म्हनं," ते मला म्हणाले. आणि मला, तापट बाईला, खुदकन हसू आलं.

मग बाबांनी फळी मागितली. म्हाताऱ्याने ती पुढे केली. बाबांनी पहिल्यांदा फळी ओढली तेव्हा मला वाटलं, आता हे पडणार. चार महिन्यांत दोन किलो वजन उचललं नव्हतं त्यांनी. पण फळी पाण्याखालून सरसरत आली आणि मिठाची एक नीट सरळ ओळ काठाशी लागली. दुसरी ओळ. तिसरी. जपानी मैत्रिणींनी टाळ्या वाजवल्या. आमचे हे फोटो काढत होते आणि डोळे पुसत होते, आणि विचारलं की उजेड फार आहे म्हणत होते. इटालियन म्हातारा बाबांच्या मागे मागे फिरत हातवारे करून चुका दाखवत होता. बाबा मराठीत त्याच्या चुका दाखवत होते. दोघांचं उत्तम चाललं होतं.

"बाय, विचार ह्याला, भादव्यात मीठ कसं काय काढतो? भादव्यात आपल्याकडं गुडघाभर पानी." मी सांगितलं की बाबा, इथे उन्हाळ्यात पाऊस पडत नाही, हिवाळ्यात पडतो. हे मी तीस वर्षं नववीच्या वर्गाला शिकवलंय, एकाही पोराने तोंडाचा असा आ केला नव्हता. "चार म्हैने निस्तं ऊन?" बाबा म्हणाले. "भाग्याचा हाय मेला!" राशींवर पाऊस लागू नये म्हणून कौलं रचतात हेही त्यांनी तपासून घेतलं. एक कौल वाकडं होतं ते सरळ केलं.

जेवण तिथेच, पवनचक्कीच्या सावलीत लाकडी टेबलावर होतं. मासे, पाव, टोमॅटो. म्हाताराही आमच्यात बसला. बाबांनी डबा काढला, माशावर शेवटचं चिमूटचिमूट करत सगळं मीठ घातलं. आता डब्यात फक्त पुरचुंडी उरली. मी बघत होते. माझा घास तोंडात फिरत राहिला. घरी गेल्यावर बाबांना काय वाढू मी?

म्हाताऱ्याने डब्याकडे बोट दाखवून काहीतरी विचारलं. बाबांनी पुरचुंडी सोडली. करडे, जाड, ओलसर खडे. त्यांनी डबा उचलला आणि सवयीने त्याच्यापुढे टेबलावर ठेवायला गेले. त्याच वेळी त्या म्हाताऱ्याने घाईघाईने दोन्ही हात पाठीमागे नेले आणि मानेने खूण केली: हातात नको, खाली ठेवा.

बाबा थबकले.

मुलगी हसून म्हणाली, "माफ करा, जुनी समजूत आहे आमच्याकडे. मीठ हातात दिलं की भांडण होतं."

मी बाबांना सांगितलं. अहो, काय तो चेहरा! बाबांनी डबा खाली ठेवला, टेबलावर थाप मारली आणि मोठ्याने म्हणाले, "ह्याला कलतंय! ह्यो आपलाच मानूस हाय!" म्हाताऱ्याला एक अक्षर कळलं नाही, तरी त्यानेही टेबलावर थाप मारली. मग त्याने एक खडा उचलून जिभेवर ठेवला, बराच वेळ तोंडात घोळवला आणि मान डोलावली. "चिखलाची चव आहे," मुलीने भाषांतर केलं, "पण चांगल्या चिखलाची." मला वाटलं बाबा रागावतील. बाबा म्हणाले, "बरोबर हाय. आपला चिखल चांगलाच होता."

होता. पंधरा वर्षांत मी आगराबद्दल त्यांच्या तोंडून ऐकलेलं हे पहिलं वाक्य.

मग बाबा पुरचुंडी घेऊन उठले. मी मागे गेले. ज्या वाफ्यातलं मीठ नुकतंच ओढून झालं होतं आणि नवं पाणी सोडलं होतं, तिथे ते थांबले. कापड सोडलं. मी म्हटलं, "बाबा, अहो, ते शेवटचं आहे." मला ओरडायचं नव्हतं, पण आवाज चढलाच. "घरी काही उरलं नाहीये. एक खडासुद्धा नाही."

"ठाव हाय, बाय."

"मग ठेवा की ते!"

"ठेवून काय करू? विरजान ठेवून दही व्हतं काय?" असं म्हणून त्यांनी मूठ उघडली आणि मीठ पाण्यावर भिरकावलं, पेरणी करतात तसं, अर्धवर्तुळात. टपटप आवाज झाला. लुगड्याचा तुकडा त्याच पाण्यात खळखळून धुतला, पिळला आणि खांद्यावर टाकला. आमचे हे माझ्या शेजारी येऊन उभे राहिले होते. मफलर हातात. लग्नानंतर पहिल्यांदाच मला त्यांचा राग आला नाही. दहा मिनिटं तरी.

दहाच, कारण मी घड्याळ बघितलं. तीन वाजत आले होते! साडेचारला दार बंद. मुलगी गाडीत बसून हॉर्न वाजवत होती, बाकीचे पाच जण आत बसून आमच्याकडे आशेने बघत होते. आणि बाबांचं काय चाललंय, तर तो म्हातारा आमचा रिकामा डबा घेऊन राशीपाशी गेलाय, वरचं मीठ नको म्हणून आतलं उकरतोय, एकेक खडा निवडून डबा भरतोय, आणि बाबा त्याला दाखवतायत, हा नको, तो घे. मी धावत गेले. तो डबा बांधावर ठेवायला वाकत होता. मी म्हटलं ठेवता कसलं, बोट चालली, आणि त्याच्या हातातून डबा हिसकावून घेतला आणि तसाच बाबांच्या हातात कोंबला.

दोन्ही म्हातारे एकदम ओरडले. एक इटालियनमध्ये, एक आगरीत. इतक्या मोठ्याने मी भूगोलाच्या तासालाही कधी कुणावर ओरडले नसेन. बाबा म्हणाले, "बाय, हातात दिलंस!" आणि त्या म्हाताऱ्याने काय करावं? वाईट टळावं म्हणून त्याने राशीतलं मूठभर मीठ उचललं आणि स्वतःच्या डाव्या खांद्यावरून मागे फेकलं. तिकडे म्हणे तसंच करतात. त्याच्या डाव्या खांद्यामागे आमचे हे शेवटचा फोटो काढत होते.

"डोळा! डोळा गेला माझा!"

"दिष्ट काढली रं त्यानं तुजी," बाबा म्हणाले आणि गाडीकडे निघाले.

परतीच्या दीड तासात आम्ही दोघं इतके भांडलो की समजूत खरी ठरली. हे एका डोळ्याने रस्ता बघत म्हणत होते, सगळा तुझ्या घाईचा परिणाम. मी म्हणत होते, टेकड्या कुणी शोधल्या? ऑस्ट्रेलियाचे आजोबा ह्यांच्या डोळ्यात बाटलीतलं पाणी घालत होते. पालेर्मोच्या तोंडाशी ट्रकांची ही रांग. बाबा मांडीवर डबा घेऊन खिडकीतून बघत होते. "आली कलंबोली," म्हणाले. पूर्ण रस्ता टक्क जागे होते.

बंदरावर पोचलो तेव्हा चार वाजून सव्वीस मिनिटं झाली होती. आठ जण आणि त्यांतले पाच जण साठीच्या पुढचे, असे धक्क्यावरून पळालो. पुढे जपानी मैत्रिणी, मग ऑस्ट्रेलिया, मग डोळ्याला मफलर बांधलेले आमचे हे, मग मी. सगळ्यांत मागे बाबा, अनवाणी. चपला त्रापानीच्या बांधावर राहिल्या होत्या. दारात तोच उंच रखवालदार. त्याने बाबांना बघितलं, डब्याकडे बघितलं आणि हताशपणे बोट पुढे केलं. बाबांनी झाकण उघडून डबा टेबलावर ठेवला. त्याने चाटलं. या वेळी तोंड वाकडं केलं नाही.

पनवेलला आलो त्या दुपारी मी वरणभात आणि वालाचं बिरडं केलं. त्या डब्यातलं मीठ घातलं. आमचे हे लाल डोळ्याने वाटीकडे बघत होते. बाबांनी घास घेतला, चावला, गिळला. मी ओट्याला धरून उभी.

"पांढरं हाय," बाबा म्हणाले. "चव जरा कमी हाय. पयलंच पीक हाय, व्हईल हलूहलू." आणि भात मागून घेतला.

ह्यांचे फोटो आता कुणी बघत नाही, कारण लोक विचारतात हे कुठं आहे हो, आणि हे सांगायच्या आत बाबाच सांगायला लागतात, अर्धा तास. बाबांचे सदरे अजून सैलच आहेत, पण ओघळत नाहीत. आणि माझ्यामागे एक नवीन काम लागलंय. रोज सकाळी चहा झाला की बाबा येतात आणि माझ्या मोबाइलकडे बोट दाखवतात. मला त्रापानीचं हवामान बघून सांगावं लागतं. परवा तिथे धो धो पाऊस दाखवत होता. हिवाळा लागला ना तिकडे.

"बघ गं बाय," बाबा म्हणाले, "आपल्या आगरात पाऊस नाय ना?"

मी तीस वर्षं भूगोल खरा शिकवलाय. "नाही बाबा," मी म्हटलं, "चांगलं ऊन आहे."